कासवाच्या पाठीवरचं बदक

"कट! कट! सिंह शिंकला!"

मुकादमने हातातलं लाटणं टेबलावर दाणकन आपटलं. टेबलावरच्या पिठाचा ढग उडाला आणि सिंह पुन्हा शिंकला.

"माझी काय चूक?" सिंहाने तोंडावर बांधलेलं फडकं खाली ओढलं. आतून भोंगाचा लालबुंद चेहरा बाहेर आला. "पिठाच्या कोठीत शूटिंग ठेवायचं आणि वर म्हणायचं, शिंकू नकोस!"

"साथीचा सिनेमा आहे. शिंक चालेल," कॅमेऱ्यामागून भिंग म्हणाली. कॅमेरा म्हणजे केकच्या डब्यांच्या उतरंडीवर उभा केलेला मोबाइल. "पण मगाशी फडक्याची गाठ उजव्या कानाशी होती. आता डाव्या कानाशी आहे."

"गाठ कोण बघतंय?"

"मी बघतेय."

म्हणूनच तर तिचं नाव भिंग पडलं होतं! चहात बुडवलेलं बिस्कीट आधी किती खाल्लेलं होतं आणि नंतर किती, हे तिला बरोबर आठवायचं. भोंगाचं नाव आवाजावरून पडलं होतं. तो कुजबुजला तरी समोरच्या इमारतीत कळायचं. मुकादम तिघांत मोठी, आठवीत जाणारी. तिला हुकूम सोडायला भारी आवडायचं, त्यामुळे दिग्दर्शक कोण हा प्रश्नच आला नाही. आणि चौथा शेंडेफळ, भिंगचा धाकटा भाऊ. त्याला सिनेमातलं काही कळत नसे, पण वगळलं की तो भोकाड पसरत असे. म्हणून त्याला कासव केलं होतं.

भिंग आणि शेंडेफळ सुट्टीत आत्याकडे आले होते, मुकादम आणि भोंगा याच इमारतीतले. आत्याची बेकरी इमारतीच्या तळमजल्यावर, उजव्या जिन्याखाली. दुपारी भट्टी विसावली की मागची कोठी मुलांना मिळायची, दोन अटींवर. पिठाच्या पोत्यांवर चढायचं नाही आणि खमिराच्या बरणीजवळ ओरडायचं नाही.

"खमीर घाबरतं का गं आत्या?" शेंडेफळने विचारलं होतं.

"खमीर नाही रे, मी घाबरते. बरणी हातातून पडली तर?"

सिनेमाचं नाव 'साथ आली, गोष्ट पळाली'. कल्पना मुकादमची. एका नगरात साथ येते. काही माणसं एका घरात स्वतःला कोंडून घेतात आणि वेळ जावा म्हणून एकमेकांना जुन्या गोष्टी सांगतात. पण साथ गोष्टींनाही लागलेली असते! तहानलेला कावळा रांजणात खडे टाकायला जातो, तर नगरसमिती म्हणते, "आधी खडे उकळून आण. मग शिक्का. मग टाक." तोवर पाणी आटतं. ससा-कासवाची शर्यत होते, पण पंच घरात कोंडलेला, त्यामुळे जिंकलं कोण हे कुणालाच कळत नाही. आणि सिंह फडकं बांधूनच विहिरीत डोकावतो, स्वतःला ओळखत नाही, "नमस्कार, आपण कोण?" असं अदबीने विचारतो आणि घरी जातो. सशाची सगळी युक्ती पाण्यात!

रविवारी संध्याकाळी इमारतीच्या अंगणात सगळ्यांचं संमेलन होतं. तिथे सिनेमा दाखवायचा होता.

"पुढचं दृश्य! कासव तयार?" मुकादम ओरडली.

कासव पोत्यांमागून रांगत आलं. त्याच्या पाठीवर दोरीने बांधलेली काळी, गोल, घुमटासारखी फुगीर पाठ होती. पाठीवर पांढऱ्या रंगाचा एक डाग पडला होता. अगदी बदकासारखा, चोच वर करून पोहणाऱ्या बदकासारखा.

"हे बदक अजून गेलं नाही?" मुकादमने कपाळावर हात मारला. "काथ्याने घासा म्हटलं होतं ना!"

"घासलं. हात सोलले, पण बदक हललं नाही," भोंगा म्हणाला.

"राहू दे ना गं," कासव म्हणालं. "त्याला सोबत लागते. ते माझ्याशी बोलतं."

ही पाठ मिळाली होती सचिवकाकांमुळे. ते इमारतीच्या समितीचे सचिव. त्यांचं प्रत्येक वाक्य 'मी स्वतः'पासून सुरू व्हायचं. मुलांनी पहिल्याच दिवशी गच्चीवर कावळ्याचं दृश्य घेतलं. दुसऱ्या दिवशी काकांनी गच्चीला कुलूप घातलं. "भोंगाची कावकाव मी स्वतः तळमजल्यावरून ऐकली!" पण कासवाला पाठ हवी म्हटल्यावर त्यांनीच जिन्याखालची अडगळीची खोली उघडून दिली. "घ्या हवं ते! कलेला माझा स्वतःचा पाठिंबा असतो. फक्त सिनेमात नाव टाका हं, ठळक!" तिथे झाडू आणि रंगाच्या डब्यांच्या मागे ही काळी घुमटी सापडली. ती मुळात कसली, हे कुणी विचारलं नाही. इतकी झकास पाठ मिळाल्यावर विचारायचं कशाला?

"लाइट, कॅमेरा..."

"बंद करा!"

सगळे दचकले. आवाज बेकरीच्या पुढच्या बाजूने आला होता.

काउंटरसमोर सचिवकाका उभे होते आणि त्यांच्या शेजारी अध्यक्षबाई. त्या पूर्वी शाळेत मुख्याध्यापिका होत्या, आणि अजूनही त्यांच्यासमोर मोठी माणसंसुद्धा खिशातून हात काढत.

"ताई, वाईट वाटून घेऊ नका," सचिवकाका आत्याला म्हणत होते, "पण बेकरी बंद ठेवा. इमारतीत साथ आलीये. खरीखुरी! उलट्या, जुलाब, पोटात कळा. मी स्वतः प्रत्येक आजारी माणसाला भेटलो. प्रत्येकाने तुमचे पाव खाल्लेत. प्रत्येकाने!"

"अहो, या इमारतीत माझे पाव न खाणारं आहे कोण?" आत्या म्हणाली.

"बघा! स्वतःच कबूल करताय," अध्यक्षबाई म्हणाल्या. "रविवारच्या सभेत ठराव येईल. गाळा समितीचा आहे. बहुमत झालं तर तो तुम्हाला रिकामा करावा लागेल."

दोघं गेली. जाताना सचिवकाकांनी सवयीने बरणीतलं एक बिस्कीट उचललं, तोंडात टाकलं, आणि मग एकदम आठवून थुंकायला बाहेर पळाले.

एरवी मुलं हसून लोळली असती. पण आत्या हसत नव्हती. तिने खमिराची बरणी जवळ ओढली, त्यात मूठभर पीठ आणि पाणी घातलं आणि संथपणे ढवळू लागली.

"विकायचं नाही तर याला कशाला भरवतेस?" शेंडेफळने विचारलं.

"गिऱ्हाईक रुसलं म्हणून याला उपाशी ठेवू? माझ्या सासूबाईंनी लावलेलं आहे हे. बरणी काय, उचलून कुठेही नेता येईल. पण भट्टी?" तिने विटांच्या काळ्या कमानीवर हात ठेवला. "ही काही तुझ्या पाठीसारखी बांधून नेता येत नाही, राजा. भट्टी गेली की आत्याची बेकरी गेली."

कोठीत परत आल्यावर कुणी 'लाइट, कॅमेरा' म्हटलं नाही.

"काकांनी चूक केलीये," भिंग एकदम म्हणाली.

"ते रोजच करतात," भोंगा म्हणाला.

"तसं नाही. त्यांनी फक्त आजारी माणसांना विचारलं. आजारी माणसांनी पाव खाल्ला, कबूल. पण आजारी माणसांनी चपलासुद्धा घातल्या होत्या आणि खिडकीतून चंद्रही पाहिला होता. मग चंद्राला गाळा रिकामा करायला सांगायचं का?"

"मग काय करायचं?"

"जे ठणठणीत आहेत त्यांनाही विचारायचं! त्यांनी तेच पाव खाल्ले असतील तर पाव निर्दोष."

मुकादमचे डोळे चमकले. लाटणं पुन्हा हातात आलं. "चला! सगळ्यांनी साथीतल्या नगरवैद्याचे झगे घाला! असंच विचारायला गेलो तर लोक म्हणतील, चोंबडी कार्टी. सिनेमासाठी विचारतोय म्हटलं की खुर्ची देतील."

आणि झालंही तसंच! पिठाच्या पोत्यांचे झगे घातलेले चार वैद्य घरोघरी गेले. ज्यांना स्वतःच्या पोटाबद्दल बोलायचं नव्हतं तेही सिनेमाचं नाव काढताच केस नीट करून, खुर्चीत सावरून, सगळं सविस्तर सांगू लागले. एका काकांनी तर रडण्याचा अभिनयही करून दाखवला.

संध्याकाळी आत्याने विचारलं, "काय कळलं?" भिंगने टेबलावर पिठाचा पातळ थर पसरला आणि बोटाने इमारत काढली. डावा जिना, उजवा जिना, मजले, घरं. मग डब्यातल्या मनुका घेतल्या.

"एक मनुका म्हणजे एक आजारी माणूस."

मनुका ठेवता ठेवता सगळ्यांचे चेहरे बदलत गेले. डाव्या जिन्यात मनुकाच मनुका. उजव्या जिन्यात फक्त एक! आणि पाव तर दोन्हीकडे सारखेच खाल्लेले. उजव्या जिन्यातल्या पहिलवानदादाने तर नाश्त्याला आख्खी लादी संपवली होती, आणि तो आरामात दोरीच्या उड्या मारत होता.

"म्हणजे आजार जिन्याला झालाय," भोंगा म्हणाला.

"पण हा एकटा उजवीकडचा कोण?" आत्याने विचारलं.

"पेन्शनर आजोबा. पण ते रोज दुपारी बुद्धिबळ खेळायला डाव्या जिन्यात जातात. हरत आले की सारखं पाणी पितात, असं त्यांचे मित्र म्हणाले."

"आणि डावीकडचं हे रिकामं घर?"

"शिंपीणकाकू. तिथे सगळे आजारी पडायला हवेत, पण त्या ठणठणीत. कारण त्या पाणी पितच नाहीत! दिवसभर नुसता उकळता चहा. मशीनवर कप ठेवायला वेगळी जागा केलीये त्यांनी."

मग चौघं एकदम ओरडले, "पाणी!"

"डाव्या जिन्याला डावी टाकी. उजव्या जिन्याला आणि बेकरीला उजवी टाकी," आत्या हळूच म्हणाली. मग टेबलाकडे बघून, "डावीकडचे तीन रुग्ण कुठे गेले रे?"

शेंडेफळचे गाल फुगलेले होते.

"अरे, रुग्ण खाऊ नकोस!" मुकादम किंचाळली.

दुसऱ्या दिवशी, म्हणजे रविवारी सकाळी, मुलं सचिवकाकांकडे गच्चीची किल्ली मागायला गेली. काका आरशासमोर संमेलनासाठीचं भाषण पाठ करत होते.

"टाकी? टाकीला काय धाड भरलीये? परवा प्लंबर येऊन गेला तेव्हा मी स्वतः गच्चीवर होतो. झाकण घट्ट बंद आहे. किल्ली मिळणार नाही. पुन्हा वर जाऊन कावकाव करायची असेल!"

"म्हणजे टाकी बंद आहे," परतताना भोंगा हिरमुसून म्हणाला. "मग बंद टाकीतलं पाणी कसं बिघडेल?"

सिनेमा जोडायचं काम बाकी होतं, म्हणून भिंग कोठीत बसून एकेक दृश्य बघू लागली. दोन दृश्यांत काही जुळत नसेल तर ते शोधायचं, हे तिचं आवडतं काम. भोंगाचं एक पीस गळलं होतं, रांजण थोडा सरकला होता, असं काहीबाही तिला सापडत होतं. तिने कावळ्याचं दृश्य पुढे नेलं, मागे नेलं, पुन्हा पुढे नेलं.

"मुकादम," ती म्हणाली. तिचा आवाज विचित्र झाला होता. "इकडे ये. कावळ्याकडे बघू नकोस."

"मग कुणाकडे बघू? सिनेमा कावळ्याचा आहे!"

"त्याच्या मागे बघ."

कावळ्याच्या मागे गच्चीवरची डावी टाकी दिसत होती. टाकीवर काळं, गोल, घुमटासारखं झाकण होतं. आणि झाकणावर, चोच वर करून, एक पांढरं बदक पोहत होतं!

तिघांनी एकदम मान वळवली. दारात शेंडेफळ उभा होता. पाठीवर पाठ बांधून, बदकाला काहीतरी सांगत.

"ताई, सगळे माझ्याकडे असं का बघताय?"

"शेंडेफळा," भोंगा म्हणाला, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याचा आवाज हळू निघाला, "तू टाकीचं झाकण घातलंयस."

आता एक क्षणही घालवून चालणार नव्हतं. डाव्या जिन्यात लोक आत्ता, या घटकेलाही तेच पाणी पीत होते! आत्या म्हणाली, "मी सांगायला गेले तर म्हणतील, स्वतःवरचं टाकीवर ढकलतेय. तुम्ही जा, पळा!" झगे पुन्हा अंगात चढले. भोंगाने पत्र्याचा डबा गळ्यात अडकवला आणि डाव्या जिन्यात दवंडी सुरू झाली.

"ऐका होऽऽ ऐका! डाव्या टाकीचं झाकण नाहीऽऽ! पाणी पिऊ नका होऽऽ!"

दारं उघडली. लोक कौतुकाने बघू लागले.

"काय आवाज आहे! काय अभिनय!"

"काकू, हा अभिनय नाही! खरंच पाणी पिऊ नका!" मुकादम कळवळून म्हणाली.

"बघा, किती खरं वाटतं!" काकूंनी टाळ्या वाजवल्या. "थांब हं, मी घोटभर पाणी पिऊन येते. मग पुन्हा एकदा म्हण, फोटो काढते."

मुकादमने लाटणं स्वतःच्याच डोक्यावर आपटलं.

फक्त एका दारात टाळ्या वाजल्या नाहीत. तिथे डॉक्टरकाकू उभ्या होत्या. त्यांचंही पोट बिघडलं होतं आणि चेहरा पांढराफटक पडला होता. "कसलं झाकण?" त्यांनी विचारलं. भिंगने मोबाइलवर दृश्य दाखवलं. काकूंनी आधी गॅसवर पाण्याचं पातेलं चढवलं, मग एक स्वच्छ बाटली काढून त्यात नळाचं पाणी भरून ठेवलं. "हे तपासायला पाठवते. घराघरांत पाणी उकळायलाही सांगते. पण टाकी उघडी आहे हे सभेला डोळ्यांनी दिसलं पाहिजे. किल्ली कुणाकडे आहे?"

"त्यांच्या स्वतःकडे!" चौघं एका सुरात म्हणाले.

संध्याकाळी अंगणात खुर्च्या मांडल्या होत्या. भिंतीवर पांढरी चादर ताणली होती. आधी ठराव, मग सिनेमा, असं ठरलं होतं. म्हणजे सिनेमा सुरू होईपर्यंत आत्याची बेकरी गेलेली असणार!

"माझ्यावर सोडा," भोंगा म्हणाला आणि सचिवकाकांजवळ गेला.

"काका, तुमचं नाव टाकलंय हं. एकदम ठळक! आख्खी चादर भरून!"

"असं?" काकांनी कॉलर नीट केली.

"पण एक वाईट वाटतं. ठरावानंतर अर्धे लोक उठून जातील. मग ते नाव बघणार कोण?"

काका विचारात पडले. मग लगबगीने अध्यक्षबाईंकडे गेले. "बाई, मी स्वतः असं सुचवतो की आधी सिनेमा. मुलं ताटकळली आहेत बिचारी."

सिनेमा सुरू झाला. समितीने खडे उकळायला सांगितल्यावर सगळ्यात मोठ्याने अध्यक्षबाई हसल्या. "अगदी आपल्या... म्हणजे, कुठल्याशा समितीसारखी!" सिंहाने विहिरीला नमस्कार केला तेव्हा पहिलवानदादा खुर्चीसकट मागे पडला. कासव रांगत आलं तेव्हा तर शिट्ट्या वाजल्या.

मग शेवटची गोष्ट आली. ती मुलांनी दुपारीच घाईघाईत घेतली होती. नगरीचा न्यायाधीश आजाऱ्यांना विचारतो, "काय खाल्लंत?" सगळे कण्हत म्हणतात, "पाव!" न्यायाधीश पावाला साखळदंड घालतो. तेवढ्यात मागून धडधाकट माणसांची रांग येते, सगळ्यांच्या तोंडात पाव! "तुम्हाला कुणी बोलावलं?" न्यायाधीश खेकसतो. "आजारी नसलेल्यांना इथे बोलायची परवानगी नाही!"

हशा पिकला, पण या वेळी तो मध्येच अडखळला. काही लोक आत्याकडे बघू लागले. काही सचिवकाकांकडे.

आणि चादरीवर भलीमोठी अक्षरं आली. 'कासवाची पाठ: सचिवकाकांच्या सौजन्याने.'

टाळ्या! सचिवकाका उठून उभे राहिले आणि चारी दिशांना हात जोडले. "हो हो, मीच दिली! मी स्वतः!"

"काका, ती होती कुठे?" भिंगने नम्रपणे विचारलं.

"अडगळीच्या खोलीत."

"तिथे कुणी ठेवली होती?"

"मी स्वतः! गच्चीवरून आणून..." काका थांबले. त्यांच्या कपाळावर एक आठी आली. काहीतरी आठवू लागलं होतं आणि ते आठवू नये असं त्यांना वाटत होतं.

भिंगने कावळ्याचं दृश्य पुन्हा लावलं आणि बरोबर जागी थांबवलं. मागची टाकी मोठी केली. चादरीवर आख्खं बदक आलं. मग शेंडेफळ पुढे गेला, चादरीजवळ उभा राहिला आणि सावकाश, अगदी खऱ्या कासवासारखा, मागे वळला.

दोन बदकं शेजारी शेजारी पोहू लागली.

मागच्या रांगेत त्या टाळ्या वाजवणाऱ्या काकूंनी हातातली पाण्याची बाटली हळूच खुर्चीखाली ठेवली.

"म्हणजे डावी टाकी उघडी आहे?" अध्यक्षबाईंनी विचारलं.

"प्लंबरने झाकण काढलं होतं," सचिवकाका पुटपुटले. "आतला भाग बदलायचा होता, तो उद्या येतो म्हणाला. वाऱ्याने उडू नये म्हणून मी स्व... म्हणजे मी झाकण खाली आणलं. त्याने भाग बसवला, निघून गेला. आणि मी कुलूप घातलं. झाकण घालायचंच राहिलं."

"किल्ली!" डॉक्टरकाकू एवढंच म्हणाल्या.

अख्खी सभा जिना चढली. गच्चीचं दार उघडताच फडफडाट झाला. डाव्या टाकीच्या काठावर कबुतरं ओळीने बसली होती आणि एक तर मजेत आत डुबक्या मारत होतं. पाण्यावर पिसं तरंगत होती. बाकी काय तरंगत होतं ते अध्यक्षबाईंनी बघितलं आणि पोटाला हात लावून मागे सरकल्या.

"कबुतरांचा पोहण्याचा तलाव!" भोंगाचा आवाज दुमदुमला आणि सगळी कबुतरं उडाली.

शेंडेफळने दोरी सोडली. पाठ उतरवताना त्याचा चेहरा रडवेला झाला. पहिलवानदादाने त्याला उचलून धरलं आणि त्याने झाकण टाकीवर ठेवलं. टक्! एका केसाचीही फट राहिली नाही.

"सिद्ध झालं!" सचिवकाका घाईने म्हणाले.

"नाही काका," भिंग म्हणाली. "अजून 'बहुतेक' म्हणा. पाण्याची तपासणी व्हायचीये."

डॉक्टरकाकू पोट धरूनही हसल्या. "माझ्या मेडिकलच्या वर्गात अशी विद्यार्थिनी असती तर मी तिला पुढच्या बाकावर बसवलं असतं. सगळ्यांनी फक्त दुखणाऱ्या पोटांना विचारलं, हिने न दुखणाऱ्यांनाही विचारलं. आणि काल मीही पाव खायचे बंद केले होते, हे सांगायला लाज वाटतेय."

टाकी उपसली, घासली, औषध घालून भरली. तपासणीचा अहवाल आला, आणि भिंगने 'बहुतेक' हा शब्द मागे घेतला. डाव्या जिन्यातली पोटं एकेक करून शांत झाली. ठराव कुणी मांडलाच नाही.

बेकरी उघडली त्या सकाळी रांगेत पहिल्या उभ्या होत्या अध्यक्षबाई.

"ताई, चूक माझी," त्या खणखणीत आवाजात म्हणाल्या, सगळ्यांना ऐकू जाईल असं. "शाळेत असते तर स्वतःला बाकावर उभं केलं असतं. आणि मुलांनो, तुमचा न्यायाधीश मला ओळखू आला बरं का. शाबास!"

त्यांच्या मागे सचिवकाका मान खाली घालून उभे होते. "मला... म्हणजे आम्हाला दोन पाव द्या."

सगळं छान झालं, पण मुकादमचं समाधान होईना. शर्यतीचा शेवट घ्यायचा राहिला होता आणि कासवाची पाठ तर आता टाकीवर! शेंडेफळ कोठीत गुडघ्यात तोंड घालून बसला होता.

"थांबा," आत्या म्हणाली. तिने कणकेचा भलामोठा गोळा घेतला, घुमटासारखा थापला, भट्टीत सारला. थोड्या वेळाने सोनेरी, फुगलेली, खरपूस पाठ बाहेर आली. शेंडेफळ उडी मारून उठला.

"छान आहे," भिंग म्हणाली. "पण आधीच्या दृश्यात पाठ काळी होती."

"भिंगे!" तिघं ओरडले.

"होती की नाही?"

आत्याने पावाकडे बघितलं. मग भिंगकडे बघितलं. आजवर तिने कधी कुणाला करपलेला पाव दिला नव्हता. तिने एक सुस्कारा सोडला आणि पाव पुन्हा भट्टीत ढकलला.

पाठ बाहेर आली ती काळी कुळकुळीत. शेंडेफळने स्वतः पिठात बोट बुडवून त्यावर बदक काढलं. त्याची चोच जरा वाकडी झाली, पण या वेळी भिंगनेही तिकडे दुर्लक्ष केलं. कासव रांगत रांगत शेवटच्या रेषेपर्यंत गेलं, मुकादमचं लाटणं खाली आलं, आणि "कट!" हा शब्द पुरता उच्चारायच्या आत कोठीतले सगळे कासवाच्या पाठीवर तुटून पडले.

बदक तेवढं ठेवून वरचं काळं खरवडल्यावर आतून गरम वाफ आली.

"मलाही एक तुकडा मिळेल का?" दारातून सचिवकाकांनी विचारलं.

"मिळेल की!" तोंड भरलेलं असताना कासव म्हणालं. "पण शेपटीकडचा. बदक मी स्वतः खाणार आहे!"